घ्या आणि सोडा

१० नोव्हेंबर, सोमवार

डोळ्यांनो, कसे आहात? डाव्याचा मोतीबिंदू काढल्यापासून त्याचं बरं चाललंय, उजव्यानं आपली पाळी कधी म्हणून रुसू नये. कानांनो, तुम्ही ठीक ना? उजवा सरुबाईचं ऐकत नाही अशी तिची तक्रार आहे, पण ती लग्नापासूनची आहे. जीभ खुशाल असेलच. पाच दात गेले तरी तिचा तोरा गेलेला नाही. कातडीबाई, तुमच्या बोटांना घट्टे पडलेत, तरी उकळत्या पाकाची गोळी वळताना तुम्ही कधी कुरकुर केली नाही, तुम्हाला मानलं. आणि नाका, तुझी तब्येत कशी आहे? तुझ्याचविषयी सोनमला सगळ्यात जास्त विचारायचं आहे.

हे असं लिहिताना माझं मलाच हसू येतंय. पण दैनंदिनी कशी लिहायची ते मला कुणी शिकवलेलं नाही. मी अक्षरं शिकलो गुळाच्या रव्यांवर, म्हणजे ढेपांवर, मालकांची नावं असायची त्यावरून. पुढं ऊसतोडीला आलेल्या माणसांची पत्रं लिहून द्यायला लागलो. त्यामुळं लिहायचं म्हटलं की हात आपोआप सगळ्यांची खुशाली विचारायला लागतो.

वही नातीनं दिली. सोनम कॉलेजात सिनेमा शिकते आणि तिला दहा मिनिटांची फिल्म करायची आहे. रोजच्या जगण्यात एखाद्या माणसाला वास, आवाज, चव सगळं निराळं जाणवायला लागतं, अशी काहीतरी गोष्ट. ती तिला माझ्यावरूनच सुचली. भाद्रपदापासून मला अधूनमधून करपलेल्या गुळाचा वास येतो. गुऱ्हाळ बंद, चुलवाण थंड, तरी वास येतो. एकदा विहारात वंदना चालू असताना आला, एकदा केस कापायला बसलो होतो तिथं आला. सोनम म्हणाली, आज्जा, हे सगळं लिहून ठेव, डोळे-कान-नाक-जीभ-कातडी, पाचांचंही रोजचं लिही.

सरुबाई पोळपाट धूत होती, ती म्हणाली, पाच न्हाईत, सहा. गेल्या पौर्णिमेला भंतेजींनी सांगितलं, मन सहावं. मी म्हणालो, त्याची काय खुशाली विचारायची, ते कुठं जातंय.

१२ नोव्हेंबर, बुधवार

आज उदयसिंहांच्या गुऱ्हाळात हंगामाचा पहिला जाळ लागला. माझा हा एक्केचाळिसावा हंगाम, त्यातले सव्वीस गुळव्या, म्हणजे गूळ उतरवणारा, म्हणून.

सोनम कॅमेरा घेऊन आली होती. तिला सगळं समजावून सांगितलं. रस काहिलीत, त्या मोठ्या कढईत, पडला की आधी वर येणारी मळी काढायची. मग फुगे बघायचे, आधी मोठे, मग बारके. उकळीचा आवाज जड होतो तो ऐकायचा. वासावरून जाळ कमी-जास्त करायला सांगायचं. शेवटी थेंब गार पाण्यात टाकून बोटानं गोळी वळायची, ती काहिलीच्या कडेवर मारली की टण् वाजली पाहिजे. ती म्हणाली, आज्जा, तुझ्या धंद्यात पाचही लागतात की. मी म्हणालो, मग, फुकट का मला चुलवाणाजवळ उभं करत्यात?

हे मी हसत म्हणालो, पण ते हसण्यासारखं नाही. माझ्या आज्ज्यानं या पंचगंगेच्या काठानं जन्मभर ऊस तोडला. रस उकळायला लागला की त्याला दूर उभं राहायला सांगत. मला गणपतराव गुळव्यानं हाताला धरून काहिलीपाशी आणलं. गावात चार लोक काय म्हणाले ते त्यानं ऐकून घेतलं आणि मला ऐकू दिलं नाही.

गणपतरावाचा एक नेम मी आजपर्यंत चालवलाय. उदयसिंहांकडं अजून साखळी-कप्पी नाही. काहिलीच्या कड्यांत वासे घालून सहाजण ती उचलतात आणि शेजारच्या गार करायच्या वाफ्यात ओततात. मी म्हणतो "घ्या", की उचलायची. मी म्हणतो "सोडा", की ओतायची. या दोन शब्दांच्या मधे गुऱ्हाळात कुणी खोकतसुद्धा नाही. काहील जाळावरून उठली की उकळीचा आवाज बसत जातो, तो कुठं बसतो ते गुळव्या ऐकतो. चार श्वास जातात, फार तर पाच. तेवढ्यात कुणी बोललं तर तो गुळव्याचा अपमान.

पहिलं आदण, म्हणजे पहिली काहील, मात्र बिघडलं. मला करपट वास आला म्हणून घाईनं उतरवायला सांगितलं, आणि गूळ शिऱ्यासारखा मऊच राहिला. जाळ घालणाऱ्या ज्ञानूला बोललो. तो म्हणाला, व्हय अण्णा. ज्ञानू पस्तिशीचा आहे, दोन लेकरांचा बाप, पण मला उलटून कधी बोललेला नाही. उदयसिंहांनी गुळात बोट घातलं, बोटाकडं बघितलं, आणि ऊस कोवळा असंल म्हणाले. मोठा माणूस.

नाक मात्र म्हातारपणी फारच तल्लख झालंय. दुसऱ्या कुणाला येत नाही तो वास मला येतो.

१५ नोव्हेंबर, शनिवार

आज घरात शूटिंग. मी चहा पितोय एवढंच. सोनमनं तीन पायांच्या घोड्यावर कॅमेरा ठेवला आणि म्हणाली, मी इथं नाहीच असं समज. सरुबाई नवं लुगडं नेसून उगाच दोनदा मधून गेली.

कप तोंडाजवळ नेला आणि तो करपट वास आला. मग घोट घेतला तर चहा थंडगार. मी सरुबाईला म्हणालो, इतक्यात निवतोय कसा, गरम केलाच न्हाईस. ती माझ्याकडं नुसती बघत राहिली. सोनम मात्र टाळ्या पिटत आली. म्हणाली, आज्जा, कप धरून तू जो थांबलास ना, कसला भारी, मी सांगितलं पण नव्हतं. पापणी पण हलवली न्हाईस.

मी थांबलो नव्हतो. पण पोरीचा आनंद कशाला घालवा, म्हणून म्हणालो, आमच्यात कलाकार हायच.

संध्याकाळी सरुबाईनं विचारलं, तोंडात काय चावत होतासा? काही नाही म्हणालो. ती म्हणाली, मोकळंच चावत होतासा, रवंथ करावं तसं. तिचा डोळाही आता दाखवायला हवा.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

डोळे ठीक. कान ठीक. जिभेला आज सगळं तांब्याच्या भांड्यासारखं लागतंय. आज तीन आदणं निघाली, भेंडीचं पाणी नीट घातलं म्हणून मळी भराभर वर आली आणि ज्ञानूनं जाळ जाळ जा जा

वरच्या ओळीच्या शेवटी पेनाची रेघ पानावरून खाली गेली आहे आणि खाली वहीला भोक पडलंय. हल्लीच्या रिफिली बेकार येतात. सोनमला दुसरं पेन आणायला सांगायचं.

२० नोव्हेंबर, गुरुवार

आज वाईट झालं.

दुसरं आदण होतं. सोनम समोरून चित्र घेत होती. गोळी वाजली, मी "घ्या" म्हणालो, सहाजणांनी काहील उचलली. मी ऐकलं, "सोडा" म्हणालो, आणि तेवढ्यात पुढच्या डाव्या वाशाला असलेल्या ज्ञानूचा हात सुटला. काहील कलंडली. पाक त्याच्या डाव्या पायावर गेला, गुडघ्यापासून खाली. पाक पाण्यासारखा ओघळून जात नाही, तो धरून राहतो. ज्ञानू ओरडलासुद्धा नाही, नुसता खाली बसला.

बाकीच्यांनी त्याला उचलून जीपमध्ये घातलं. मी रागात होतो आणि राग आवरला नाही. म्हणालो, पाच श्वास काहील धरवत न्हाय तुम्हास्नी, तालमीला कशाला जाता मग? कुणी मान वर केली नाही. त्यांचे हात थरथरत होते. भीतीनं असेल.

उदयसिंह म्हणाले, अण्णा, चार दिस घरला ऱ्हावा. मी म्हणालो, जळाला त्यो, मी कशाला घरी बसू? ते म्हणाले, माझ्यासाठी ऱ्हावा.

वाटेत सोनम कॅमेरा मांडीवर घेऊन बसली होती, झोपलेलं लेकरू धरावं तशी. लहान आहे, घाबरली असणार.

वास आला होता. मला आधी वाटलं पाक करपला. पण सांडलेला गूळ चाटून बघितला, करपलेला नव्हता.

२२ नोव्हेंबर, शनिवार

दवाखान्यात जाऊन आलो. सरुबाईनं भाकरी आणि पिठलं दिलं होतं. ज्ञानूचा पाय पांढऱ्या पट्टीत आहे. डॉक्टर म्हणतात दोन बोटांचं सांगता येत नाही.

मला बघितल्यावर तो उठून बसायला लागला. मी खांद्याला धरून निजवला. त्याची आई, चिमणाबाई, खाटेच्या पायथ्याशी बसली होती. ती म्हणाली, "अण्णा, एक इचारू का? पोरांचं हात भरून आलतं म्हणं. तुम्ही बोलला का न्हाईसा?"

मला तिचं बोलणं कळलं नाही. म्हणालो, बोललो की. "सोडा" म्हणालो.

ज्ञानूनं आईकडं बघितलं आणि म्हणाला, "आये, गप बस. अण्णांचं काय चुकलं न्हाय. माझाच हात घामानं सुटला."

चिमणाबाई गप बसली. पण उठून गेली नाही आणि माझ्यावरची नजरही काढली नाही. परत येताना रंकाळ्यावर थोडा वेळ बसलो. ती बाई असं का म्हणाली असेल? लेकाच्या दुखण्यानं माणसाचं डोकं ठिकाणावर राहत नाही.

२५ नोव्हेंबर, मंगळवार

उदयसिंहांचा फोन. ऊस तोडून पडलाय, वाळायला लागलाय, दुसरा गुळव्या मिळत नाही. शुक्रवारी याल का? बोलताना अडखळत होते. मी लगेच हो म्हणालो. घरी बसून माझ्या बोटांना कसंतरी होतंय.

सोनमला सांगितलं तर ती पांढरी पडली. जाऊ नकोस म्हणाली. का, विचारलं तर सांगेना. मी चेष्टेनं म्हणालो, तुझी फिल्म झाली म्हणून आता आज्जाला रिटायर करतीस होय? ती उठून आत गेली, आणि आत दोघी, नात आणि आज्जी, हळू आवाजात बोलत बसल्या. उजवा कान उपयोगाचा नाही, डाव्याला भिंतीतून ऐकू येत नाही.

२६ नोव्हेंबर, बुधवार

आज बघितलं. जे बघितलं ते जसंच्या तसं लिहितो.

दुपारी जेवण झाल्यावर सोनमनं लॅपटॉप माझ्यापुढं ठेवला. सरुबाई माझ्या शेजारी येऊन बसली आणि तिनं माझा हात धरला. चारचौघांसमोर ती कधी हात धरत नाही.

चित्रात मी आहे. काहिलीच्या कडेवर गोळी मारतो, टण् वाजते. "घ्या" म्हणतो. सहाजण उचलतात. काहील वर येते. मी मान कलती करून ऐकतो. इथपर्यंत मला सगळं आठवतं.

मग मी नाक वर करतो. आणि तिथंच राहतो.

तसा माणूस मी कधी बघितला नाही. डोळे उघडे आहेत पण आत कुणी नाही. तोंड हळूहळू चावतंय, मोकळंच. उजव्या हाताची बोटं सदऱ्याचं बटण चाचपताहेत. माझ्यासमोर सहाजण उकळती काहील घेऊन उभे आहेत. त्यांच्या मानेच्या शिरा वर आल्या आहेत. सगळे माझ्याकडं बघताहेत. कुणी बोलत नाही. नुसती उकळी ऐकू येते. ज्ञानूचा हात थरथरायला लागतो, तो ओठ चावतो, पायाची जागा बदलतो, परत माझ्याकडं बघतो. त्याच्या डोळ्यांत राग नाही. तो वाट बघतोय.

मग त्याचा हात सुटतो. पाक सांडतो. तो खाली बसतो. आणि त्यानंतर, सगळं झाल्यानंतर, मी म्हणतो, "सोडा."

मी पुन्हा लावायला सांगितलं. सोनमनं लावलं. खाली आकडे पळत होते ते मी मोजले. एक्केचाळीस सेकंद.

मी विचारलं, त्यांनी मला हाक का मारली न्हाई? आणि उत्तर विचारायच्या आधीच मला माहीत होतं. नेम माझाच.

सोनम रडत होती. म्हणाली, आज्जा, मला वाटलं तू ॲक्टिंग करतोयस. मी झूम केलं रे तुझ्यावर. मी म्हणालो, अगं, ते सहाजण रोज माझ्याबरोबर असतात, त्यांना कळलं न्हाई, तुला काय कळणार. तिनं पुढच्या मंगळवारी मेंदूच्या डॉक्टरची वेळ घेतली आहे. असा झटका येतो, आधी वास येतो, आणि तेवढा वेळ माणूस नसतो, असं तिनं कुठंतरी वाचलंय.

म्हणजे नाक तल्लख झालं नव्हतं. सव्वीस वर्षं ज्याच्यावर भरवसा ठेवला, तेच मला फसवून बाहेर पाठवत होतं.

वही मागं उलगडून बघितली. चहा. रिफिल. ज्ञानूला जाळावरून बोललेलो. पोरांना तालमीवरून बोललेलो. सगळं माझ्याच अक्षरात.

२८ नोव्हेंबर, शुक्रवार

गुऱ्हाळावर गेलो. सरुबाई बरोबर आली, तिला नको म्हणायची माझी हिंमत झाली नाही.

ज्ञानूच्या जागी नवा माणूस होता. रस काहिलीत पडायच्या आधीच मी सगळ्यांना बोलावलं आणि सांगून टाकलं, की मला असं असं होतं, त्या दिवशी चूक माझी होती, तुमच्यातल्या कुणाची नव्हती. दुपारी ज्ञानूला आणि चिमणाबाईलाही हेच सांगून येणार आहे. आता मी थांबलेला दिसलो तर वाट बघू नका, सरळ ओता.

उदयसिंहांनी विचारलं, मग "सोडा" कुणी म्हणायचं? मी एकेकाकडं बघितलं. एकेकानं खाली बघितलं.

शेवटी मागच्या वाशाचा थोराड माणूस म्हणाला, "अण्णा, तुमच्या आदी आमच्या तोंडातनं शब्द कसा निगंल? तुम्ही या की. आम्ही धरून उबं ऱ्हातो. कितीबी येळ."

बाकीच्यांनी माना हलवल्या. त्यांना वाटलं ते मला धीर देताहेत. पण ते खरं होतं. ते उभे राहिले असते.

मी गोळी वळायची पितळी वाटी उदयसिंहांच्या हातात दिली. म्हणालो, साखळी-कप्पी बसवा, आणि बोलणारा गुळव्या आणा. त्यांनी वाटी घेतली. दुसऱ्यांदा विचारलं नाही. गणपतरावानं मला हाताला धरून आत आणलं होतं, सरुबाईनं हाताला धरून बाहेर नेलं. चुलवाणाची ऊब पाठीला बांधापर्यंत लागत होती.

३० नोव्हेंबर, रविवार

डोळे, कान, जीभ, कातडी, तुम्ही चौघं खुशाल असाल. नाका, तुझ्यावर राग आहे, पण धरत नाही. नंतर विचार केला, की तू फसवत नव्हतास, तू दरवेळी आधी हाक मारत होतास, मला ती समजली नाही.

आज पत्र सहाव्याला आहे. तुझी खुशाली विचारायची राहून गेली होती. सरुबाईनं पहिल्याच दिवशी सांगितलं होतं.

तर बाबा, तू कसा आहेस? कुठं असतोस? मी अडुसष्ट वर्षं तुझ्याबरोबर राहिलो आणि तू न सांगता बाहेर जातोस ते मला माहीत नव्हतं. चहा निवेपर्यंत जातोस. हात सुटेपर्यंत जातोस. तू गेल्यावर तुझ्या तोंडानं कोण चावतं? आणि तू जातोस तिथं गुऱ्हाळ आहे का, तिथं कुणी काहील धरून उभं असतं का, तिथं तरी "सोडा" कुणी म्हणतं का? परवाच्या मंगळवारी डॉक्टर तारा लावून तुला शोधणार आहेत. त्यांनी विचारलं तर मला काय सांगता येईल?

सोनम फिल्मला शेवट शोधत होती. मी म्हणालो, ते एक्केचाळीस सेकंद तसेच ठेव, वर गाणं-बिणं घालू नको. ज्ञानूला विचारून ठेव. ज्ञानू हो म्हणाला. एक बोट वाचलंय म्हणाला, एक गेलं. हे सांगतानाही म्हणाला, अण्णा, तुम्ही जेवलासा का?

आता सकाळचे दहा वाजलेत. उदयसिंहांकडं या वेळेला पहिलं आदण उतरतं. सरुबाई परसात कपडे वाळत घालते आहे. मी तिला इथूनच विचारलं, चुलीवर काय ठेवलंयस का, करपतंय. ती तिथूनच म्हणाली, चूल अजून पेटवलीच न्हाय.

आणि मग तिच्या हातातला पिळा खाली पडल्याचा आवाज आला. ती पळत येते आहे.

म्हणजे तू निघालास. थांब म्हणत नाही. पेन हातातच ठेवतो, वही उघडी आहे, खालचं अर्धं पान कोरं सोडलंय. पोचलास की जिथं असशील तिथलं दोन ओळी लिही. अक्षर कसंही येऊ दे, मी लावून घेईन. फार वाट बघायला लावू नकोस, उत्तर लौकर